डावीकडचा बंद

शीआनमध्ये मोठ्या रानहंस पॅगोड्याच्या दक्षिणेला एक लांबलचक रस्ता आहे. संध्याकाळी तिथे दिवे लागले की निम्म्या पोरी हजार-बाराशे वर्षं मागून चालत आल्यासारख्या दिसतात. छातीपर्यंत चढवलेले घेरदार घागरे, पायघोळ बाह्या, आंबाड्यात खोचलेली कागदी फुलं. आसपासच्या गल्ल्यांत हे कपडे तासांवर भाड्यानं देणारी दुकानं आहेत. लेक शांघायला नोकरीला असते, मागच्या ऑक्टोबरात मी तिच्याकडे गेले होते आणि तिनंच हट्टानं मला अशा एका दुकानात नेलं. फिकट जांभळा आखूड झगा आणि खाली राखाडी घागरा. दुकानातल्या मुलीनं मला पाच मिनिटांत नीट बांधूनछांदून बाहेर काढलं. तासाभरानं स्वच्छतागृहात जाऊन यावं लागलं, तेव्हा झगा सोडला आणि परत माझा मीच बांधला. बाहेर येऊन दहा पावलं टाकली नसतील, तोच बाकावर बसलेली एक म्हातारी उठली. साधं जाड जाकीट, पायात कापडी बूट, सोबत चार-पाच वर्षांचा नातू. ती सरळ माझ्यासमोर आली, काही न बोलता माझ्या डाव्या कुशीतली गाठ धरली आणि सोडायला लागली.

गाठ सुटेना. मी निरगाठ मारली होती. म्हातारीनं नखं लावली, मान वाकवून दातही लावले. तिच्या केसांना खोबरेलासारखा नाही, पण कुठल्याशा तेलाचा वास होता. शेवटी गाठ सुटली. तिनं झग्याचा वरचा पदर आत घातला, आतला बाहेर काढला, डावी बाजू उजवीवर घेऊन उजव्या काखेखाली बंद बांधला. मग त्या गाठीचं एक टोक ओढलं. गाठ सुटली. तिनं पुन्हा तशीच बांधली, माझ्या बरगडीवर दोनदा हलकेच थापटलं आणि एक वाक्य बोलून नातवाकडे परत गेली. पहिली गाठ तिच्या मनासारखी झाली नसेल, एवढंच तेव्हा मला वाटलं.

"काय म्हणाली गं?" लेक म्हणाली, "काही नाही, उलटं घातलं होतंस." मेट्रोत बसल्यावर मी परत विचारलं, तेव्हा खिडकीकडे बघत तिनं सांगितलं. म्हातारी म्हणाली होती, असं फक्त मेलेल्या माणसाला घालतात.

त्या रात्री झोप लागली नाही.

मी तसं का बांधलं, हे मला पक्कं माहीत होतं. हाताला तीच सवय होती. आम्ही सोलापूरचे. संक्रांतीच्या सुमाराला सिद्धेश्वराची गड्ड्याची यात्रा भरते, सात नंदीध्वज निघतात, आणि ते पेलणारे पांढऱ्याशुभ्र बाराबंदीत असतात. बाबा नंदीध्वज पेलणाऱ्यांतले. आदल्या रात्री ट्रंकेतून बाराबंदी निघायची, तिला नीळ आणि डांबरगोळीचा मिळून एक थंड वास असायचा. पहाटे बाबा दोन्ही हात लांब करून उभे राहायचे आणि बंद बांधायचं काम माझं. बारा बंद, सहा गाठी. एक जोडी आतून, बाकीच्या बाहेरून. आमच्या घरातली रीत उजवा पदर वर घेऊन डाव्या कुशीत बांधायची. माझी उंची त्यांच्या कमरेएवढी होती तेव्हापासून ती डावी कूस माझ्या हातांना ओळखीची आहे. मुघल काळातल्या चित्रांत जाम्याचे, म्हणजे लांब अंगरख्याचे, बंद डावीकडे असले तर माणूस हिंदू आणि उजवीकडे असले तर मुसलमान असं ओळखतात, हे पुढे कॉलेजात असताना कळलं. म्हणजे बंद कुठे बांधायचा हा प्रश्न आपल्याकडेही कधी साधा नव्हता. मला मात्र ती फक्त बाबांची डावी बाजू होती.

चीनमध्ये हा प्रश्न किती जुना आहे, ते लेकीनं मला दुसऱ्या दिवशी पॅगोड्याच्या पायऱ्यांवर बसून सांगितलं. कन्फ्यूशियसचं एक वाक्य आहे. त्याच्या शंभरेक वर्षं आधी क्वान चोंग नावाचा मंत्री होऊन गेला, त्यानं उत्तरेकडच्या टोळ्यांपासून देश राखला. कन्फ्यूशियस म्हणतो, क्वान चोंग नसता तर आज आपण केस मोकळे सोडून, पदर डावीकडे बांधून हिंडत असतो. मला ह्या वाक्यानं खिळवून ठेवलं. राज्य बुडालं असतं, देवळं पडली असती, असं काही तो म्हणत नाही. पदराची बाजू बदलली असती, म्हणतो. डावा पदर उजव्यावर, बांधणी उजवीकडे, हा माणसाचा वेष. उलटा पदर एक तर परक्यांचा, नाही तर मेलेल्यांचा. जपाननं ७१९ मध्ये राजाज्ञा काढून हीच उजवी रीत घेतली, आणि तिथे आजही किमोनो उलटा असतो तो फक्त शेवटच्या प्रवासाला निघालेल्याचा.

ज्या पॅगोड्याच्या पायऱ्यांवर आम्ही बसलो होतो, तो ६५२ मध्ये ह्युएनत्संगानं भारतातून आणलेल्या पोथ्या ठेवायला बांधला. हा माणूस पुलकेशीच्या काळात आपल्या महाराष्ट्रातून गेलेला. शाळेत आपण एवढंच शिकतो की त्यानं मराठी माणसाला मानी आणि उपकार न विसरणारा म्हटलं. पण भारतीयांच्या कपड्यांबद्दलही त्यानं लिहून ठेवलंय. हे लोक कपडा कापत नाहीत, बेतत नाहीत, पांढऱ्याची आवड, पुरुष कमरेभोवती गुंडाळून काखेखालून घेतात आणि उजवा खांदा उघडा टाकतात. उजवा खांदा! कुठली बाजू झाकायची आणि कुठली उघडी ठेवायची याची नोंद त्याच्याकडून सुटणं शक्यच नव्हतं. कापून, शिवून, बाजू ठरवून कपडा घालणाऱ्या देशातला तो माणूस आणि नुसतं गुंडाळून मोकळे होणारे आपण. तरी आपल्यालाही बाजू आहेच. नऊवारीचा पदर डाव्या खांद्यावर, गुजराती पदर उजव्या. आणि बाबांच्या दहाव्याला गुरुजींनी भावाला सांगितलं होतं, "आता अपसव्य करा." भावानं डाव्या खांद्यावरचं उपरणं उजव्या खांद्यावर घेतलं. देवासाठी सव्य, पितरांसाठी अपसव्य. तो शब्द ऐकून तेव्हा काहीच झालं नव्हतं. शीआनला पायऱ्यांवर बसल्याबसल्या माझ्या अंगावर काटा आला. दोन देशांच्या रीतींचा एकमेकींशी संबंध आहे असं मला अजिबात म्हणायचं नाही. पण मेलेल्या माणसासाठी काहीतरी उलटं करावं असं दोन्हीकडे कुणाला तरी वाटलं, आणि दोन्हीकडे ते उलटं करणं कपड्यावरच आलं.

वाटतं तितका हा कपडा कधी स्थिर नव्हता. इसवी सनापूर्वी ३०७ मध्ये चाओ राज्याचा राजा वूलिंग यानं ठरवलं की लांब झगे घालून घोडदळाशी लढता येत नाही. आपले लोक उत्तरेकडच्या टोळ्यांसारखे विजारी आणि आखूड अंगरखे घालतील, घोड्यावरून बाण मारतील. त्याच्या काकाला हे मुळीच रुचलं नाही. त्यानं आजाराचं निमित्त करून दरबारात येणं टाळलं. राजा स्वतः काकाच्या घरी गेला, बसला, समजूत घातली, आणि दुसऱ्या दिवशी काका तो परका वेष घालून दरबारात उभा राहिला. मला राजापेक्षा ह्या काकाचाच विचार जास्त येतो. आयुष्यभर लांब झग्याच्या आत चालणारे पाय पहिल्यांदा विजारीत घालताना त्याला काय झालं असेल? पुतण्या घरापर्यंत आला म्हणून त्यानं ऐकलं असेल की खरंच पटलं असेल?

पुढे मात्र समजूत घालायला घरी कुणी आलं नाही. ईशान्येकडून आलेल्या मांचूंनी १६४४ मध्ये बीजिंग घेतलं आणि १६४५ च्या उन्हाळ्यात फर्मान काढलं. पुरुषांनी दहा दिवसांत पुढचं डोकं भादरायचं, मागे वेणी राखायची आणि मांचूंच्या पद्धतीचे कपडे घालायचे. डोकं हवं तर केस ठेवू नका, केस हवे तर डोकं राहणार नाही, अशी ती धमकी होती आणि ती खरी करून दाखवली गेली. जियांगयिन शहर ८१ दिवस लढलं आणि पडल्यावर त्याची कत्तल झाली. केसांसाठी आणि बाह्यांसाठी. आज वाचताना कुणाला वाटेल, एवढ्याशा गोष्टीसाठी? पण आईबापांनी दिलेलं शरीर जसंच्या तसं राखणं हे ज्यांच्या लेखी पुत्रधर्माचं पहिलं कलम होतं, त्यांना वस्तरा म्हणजे काय वाटला असेल ते आपल्याला बाहेरून कळायचं नाही.

हळूहळू एक तडजोड रुळली. ती दहा कलमांची होती असं परंपरेनं सांगतात. पुरुष पाळतील, बायका पाळणार नाहीत. त्यामुळे हान, म्हणजे बहुसंख्य चिनी समाजातल्या, बायका पुढेही झगा आणि घागरा असा जुना दोन तुकड्यांचा वेष घालत राहिल्या. कन्फ्यूशियसपंथी विद्वान पाळतील, पण भिक्षू आणि ताओपंथी पुजारी पाळणार नाहीत. नाटकातले नट पाळणार नाहीत. म्हणून मांचूंच्या आधीच्या मिंग काळातल्या बाह्या आणि गळे संगीतनाटकाच्या रंगमंचावर तग धरून राहिले. आणि एक कलम असं होतं: जिवंत पाळतील, मेलेले पाळणार नाहीत.

लेकीनं हे सांगितलं तेव्हा मी तिला पुन्हा सांगायला लावलं.

म्हणजे आयुष्यभर मांचूंचा घोड्याच्या खुराच्या आकाराचा बाहीचा कफ घालून, वेणी वागवून जगलेला माणूस पेटीत झोपताना आपल्या पणजोबाच्या वेषात जाऊ शकत होता. जिवंतपणी बादशहाचा, मेल्यावर आपल्या माणसांचा. मुलानं बापाला कपडे घालताना त्या घरात काय चाललं असेल? किती वर्षांनी तो जुना बेत ट्रंकेतून निघाला असेल, कुणाला तो शिवता येत असेल? हे सगळं मनात आणताना एक गोष्ट लक्षात राहू द्यायला हवी, मांचूंनी सगळं बदललं तरी पदराची बाजू बदलली नाही. त्यांचेही झगे उजवीकडेच बंद होत. गळ्यापासून तिरका उतरत उजव्या काखेखाली जाणारा तो पदर, त्यावर कापडाच्या वळलेल्या नाडीची गाठीची बटणं.

तीच तिरकी रेघ पुढे छिपाओत, म्हणजे चिनी बायकांच्या एकसंध लांब झग्यात, आली. शांघायच्या गल्लीत एका जुन्या शिंप्याकडे मी ते शिवताना पाहिलं. १९२० च्या दशकात शहरातल्या शिकणाऱ्या मुलींनी पुरुषांसारखा एकसंध लांब झगा अंगात घातला, तिथून त्याची सुरुवात. १९२९ मध्ये सरकारनं तो बायकांचा औपचारिक वेष म्हणून मान्य केला. पुढची काही वर्षं त्याचे काठ वर-खाली होत राहिले, बाजूंच्या चिरा उघडत आणि मिटत राहिल्या. शिंपी तिरका कापलेला रेशमाचा काप खळ लावून कडक करत होता, त्याची नाडी वळत होता आणि बोटाभोवती फिरवून बटणाची गाठ पाडत होता. एका बटणाला चहा निवायला लागावा इतका वेळ. जीभ किंचित बाहेर, चष्मा नाकाच्या टोकावर. आमच्या सोलापुरात बाबांची बाराबंदी शिवणारे काका अगदी असेच बसायचे.

हाच कपडा एका बाईच्या अंगावर शिक्षा म्हणून चढवला गेला. राष्ट्राध्यक्ष लिऊ शाओची यांच्या पत्नी वांग क्वांगमेई १९६३ मध्ये इंडोनेशियाच्या दौऱ्यात छिपाओ आणि गळ्यात माळ घालून गेल्या होत्या. एप्रिल १९६७ मध्ये बीजिंगच्या छिंगह्वा विद्यापीठात हजारोंच्या गर्दीसमोर लाल रक्षकांनी, म्हणजे माओच्या सांस्कृतिक क्रांतीतल्या तरुण पोरांनी, त्यांना कपड्यांवरून जबरदस्तीनं छिपाओ चढवायला लावला आणि गळ्यात पिंगपाँगच्या चेंडूंची माळ घातली. त्याचा फोटो आहे. मी तो एकदाच पाहिला, परत पाहवला नाही. कपडा काढून अपमान करतात हे आपल्याला महाभारतापासून माहीत आहे. घालून अपमान करता येतो हे मी त्या फोटोत पाहिलं. त्या काळात रस्त्यावर सगळे निळ्या-करड्या कोटांत, मधोमध बटणं, पदर नाही, डावं-उजवं नाही. कापड मिळायचं तेही कुपनांवर. १९५४ ला सुरू झालेली ती कुपनं १९८३ पर्यंत चालली.

मग त्या म्हातारीला पदराची बाजू कुणी शिकवली? ऐंशीच्या आसपासची असेल. तिची ऐन तारुण्याची वर्षं त्या निळ्या कोटात गेली. हनफूची, म्हणजे हान लोकांच्या ह्या जुन्या वेषाची, आजची लाट तर कालची. नोव्हेंबर २००३ मध्ये झेंगझौत एक वीज कामगार जुन्या पद्धतीचा वेष घालून रस्त्यावर हिंडला, तिथून ती चळवळ मोजतात, आणि बघणाऱ्यांतल्या काहींना तो किमोनोच वाटला. २०१० मध्ये चेंगदूत तर किमोनो समजून एका मुलीला जमावानं हनफू काढायला लावून तो जाळला. स्वतःच्या आजीचा कपडा ओळखता येऊ नये इतकं मधलं सगळं पुसलं गेलं होतं. पुसलं गेलं नाही ते म्हाताऱ्यांच्या बोटांत राहिलं. खेड्यांतल्या बायका उजव्या काखेत बंद होणारी जाकिटं घालतच होत्या. आणि घरातलं माणूस गेलं की त्याला कपडे घालण्याचं काम कुणीतरी करतच होतं.

त्या शेवटच्या कपड्यांना तिथे आयुष्यवस्त्र म्हणतात. पुष्कळ म्हातारी माणसं जिवंतपणीच ती करून ठेवतात. साटीनचा कपडा चालत नाही, कारण त्याच्या नावाचा उच्चार 'वंश तुटला' असा ऐकू येतो. बटणं टाळतात, त्याऐवजी बंद लावतात. कपडे नेहमी विषम संख्येत. मला वाटतं माझ्या म्हातारीनं असे बंद कितीदा तरी बांधले असतील. आईला, सासूला, कदाचित नवऱ्याला. म्हणूनच गर्दीत वीस पावलांवरून तिला माझी डावी कूस दिसली.

शीआनहून आम्ही रेल्वेनं चांगशाला गेलो, कारण मला तो झगा पाहायचा होता. १९७२ मध्ये मावांगदुईला एक थडगं उघडलं. आत शिन चुई नावाची सरदारीण, एकवीसशे वर्षांची, पण सांधे वाकवता येतील अशी. वीस थरांत गुंडाळलेली, वरून नऊ रेशमी फितींनी बांधलेली. तिच्यासोबत बांबूच्या पेट्यांत भरून कपडे दिले होते. त्यातला एक झिरझिरीत झगा अंधारलेल्या दालनात काचेमागे पसरून ठेवलाय. लांबी १२८ सेंटिमीटर, दोन्ही बाह्या पसरल्या की १९० च्या घरात, आणि वजन ४९ ग्रॅम. किराणा दुकानातली जिऱ्याची पुडी असते तेवढं. नानजिंगच्या विणकरांनी त्याची नक्कल करायला घेतली, तर पहिली ८० ग्रॅमच्या वर गेली. आजचा रेशीमकिडा तेव्हाच्यापेक्षा मोठा आहे, त्याचा धागाच जाड येतो. ४९ ग्रॅमच्या जवळ पोचायला वर्षानुवर्षं गेली.

मी मात्र वजन नाही, पदर बघत होते. काचेला कपाळ टेकवून बघितलं, रखवालदार ओरडला. डावा पदर वर, बांधणी उजवीकडे. जिवंत माणसाची बाजू. पेटीत भरून दिलेले कपडे तिनं पुढे कुठेतरी जाऊन घालायचे होते ना. तिथे ती चालणार होती, जेवणार होती. ज्यांनी पेटी भरली त्यांनी तिला मेलेली धरलं नव्हतं.

परतीच्या गाडीत लेकीनं मोबाइलवर काहीतरी वाचता वाचता मला हलवलं. अंत्यविधींबद्दलच्या एका प्राचीन चिनी ग्रंथात म्हटलंय: प्रेताला घालायचे कपडे डाव्या पदराचे, आणि गाठ मारायची ती सुरगाठ नाही. पुढच्या टीकाकारांनी कारणही दिलंय. जिवंत माणसाची गाठ ओढली की सुटणारी हवी. मेलेल्याची आता कुणी सोडणार नाही. लेकीला मराठीत नेमके शब्द आठवेनात, ती हातानं गाठी करून दाखवत होती. मी म्हटलं, सुरगाठ आणि निरगाठ. तिला आवडले ते शब्द, तिनं दोनदा म्हणून पाहिले.

मी खिडकीबाहेर बघत बसले. लहानपणी बाबांचे बंद बांधताना मी कायम निरगाठ मारायची. सुटायला नको ना, ध्वज पेलायचा, अडुसष्ट लिंगांची प्रदक्षिणा करायची. रात्री बाबा घामानं भिजून परत यायचे आणि कंदिलाजवळ बसून त्या गाठी सोडायचे. नखानं, सुईनं, कधी दातानं. एकदाही चिडले नाहीत. एका वर्षी पहाटे मात्र त्यांनी माझा हात धरला आणि शिकवलं. एक टोक दुमडून आत घाल, आता ओढ, बघ. "सुटेल अशी बांध, बाळ. रात्री घरी यायचंय मला."

बाबा श्रावणात गेले. अंघोळ घातल्यावर भावानं ट्रंकेतून बाराबंदी काढली. बंद मी बांधले. उजवा पदर वर, डाव्या कुशीत. बारा बंद, सहा गाठी. शेजारचे एक आजोबा हळूच म्हणाले, "पोरी, घट्ट मार, वाटेत सुटेल." मी हो म्हटलं आणि एक टोक दुमडून आत घातलं. सहाच्या सहा गाठी तशाच मारल्या. कुणाच्या लक्षात आलं नाही, आणि तेव्हा मला तरी कुठे काही कळत होतं, हात आपोआप चालत होते.

शीआनच्या रस्त्यावर त्या म्हातारीनं गाठ बांधून झाल्यावर तिचं एक टोक ओढून पाहिलं होतं. सुटली, तेव्हा मान हलवून तिनं ती पुन्हा तशीच बांधली होती.